संशयित घराण्यांतील नायिका



बल्गेरिया हें नांव आपल्या घरांत येतें तें बहुधा गुलाबाच्या अत्तराबरोबर, नाहीं तर दह्याच्या गुणवर्णनांत. कझानलिकच्या खोऱ्यांतील गुलाबांचे मळे, आणि दूध विरजणाऱ्या एका सूक्ष्म जंतूला शास्त्रज्ञांनीं दिलेलें त्या देशाचें नांव, ह्यापलीकडे युरोपच्या आग्नेय कोपऱ्यांतील हा देश आपल्या परिचयाचा नाहीं. उत्तरेस डॅन्यूब नदी, पूर्वेस काळा समुद्र, दक्षिणेस ग्रीस व तुर्कस्तान, पश्चिमेस सर्बिया, आणि मधून गेलेली बाल्कन पर्वताची लांब रांग, असा हा मुलूख. जवळजवळ पांच शतकें तुर्की सुलतानांच्या अमलाखालीं काढून १८७८ सालीं तो पुन्हां स्वतःच्या नांवानें उभा राहिला. आज मी बोलणार आहें तें मात्र त्या देशाच्या राजांविषयीं अगर लढायांविषयीं नव्हे. तेथील पडद्यावरच्या एका अभिनेत्रीविषयीं. तिचें नांव नेवेना कोकानोवा. तिचे देशबांधव तिला बल्गेरियन चित्रपटाची पहिली मानकरी स्त्री समजत. आपल्या बोलण्यांत आपण पट्टराणी म्हणूं.

एखादा गंभीर प्रकृतीचा श्रोता विचारील कीं, नटीची कारकीर्द हा इतिहासाचा विषय कसा? एरव्हीं मीहि कदाचित् तसेंच विचारलें असतें. परंतु ज्या देशांत चित्रपट काढणारा, तपासणारा, वांटणारा आणि दाखविणारा एकच, आणि तो म्हणजे सरकार, तेथें पडद्यावर कोणाचा चेहरा झळकावा हा निवळ अभिरुचीचा प्रश्न राहत नाहीं. आणि ज्या राजवटीनें बापाला राजबंदी केलें, त्याच राजवटीच्या चित्रपटांचा चेहरा म्हणून त्याची मुलगी देशोदेशीं ओळखली जावी, हा योग तर थांबून पाहण्यासारखा खासच आहे.

बल्गेरियांत चित्रपट उशिरां आला असें नाहीं. १९१५ च्या जानेवारींत वासिल गेंदोव ह्या नटानें तेथील पहिला कथापट लोकांसमोर आणला. बल्गारान नांवाचा एक रंगेल गृहस्थ रस्त्यांत भेटलेल्या सुंदर स्त्रीच्या मागें लागतो, तिची खरेदी स्वतःच्या खिशांतून करतो, हमालासारखीं गाठोडीं वाहतो, आणि शेवटीं तिचा नवरा समोर येऊन उभा राहतो, एवढीच त्या छोट्या मूकपटाची करमणूक. त्यानंतरचीं तीस-बत्तीस वर्षें हा धंदा हौशी माणसांच्या पदरमोडीवर चालला. कोणी घर गहाण टाकावें, एक चित्रपट काढावा आणि देणेकऱ्यांना तोंड चुकवीत फिरावें, असा प्रकार. १९४८ सालीं मात्र सर्व चित्रव्यवसाय सरकारजमा झाला. सोफिया ह्या राजधानीजवळ, व्हितोशा पर्वताच्या पायथ्याशीं बोयाना येथें पुढें मोठा स्टुडिओ उभा राहिला; पैशाची ददात मिटली. पण नटनट्यांपुरतें बोलावयाचें तर एका कंपनीशीं पटलें नाहीं म्हणून दुसरीकडे जावें ही सोय त्याबरोबरच संपली. दुसरी कंपनीच नव्हती.

नेवेनाचा जन्म १२ डिसेंबर १९३८ रोजीं दुप्नित्सा येथें झाला. रिला पर्वताच्या कुशींतलें हें गांव तंबाखूची मोठी पेठ म्हणून प्रसिद्ध होतें. वखारींच्या उंच इमारतींतून तंबाखूचीं पानें निवडण्याचें, त्यांची प्रत लावण्याचें काम गरीब स्त्रीपुरुष दिवसभर करीत. नफा सोफियांतील पेढ्यांच्या आणि जर्मन खरेदीदारांच्या पदरीं पडे. हा तंबाखू आपल्या कथेंत पुन्हां येणार आहे, म्हणून त्याचा वास येथेंच लक्षांत ठेवावा.

तिला सहावें वर्षहि पुरें झालें नव्हतें तेव्हां, १९४४ च्या सप्टेंबरांत, सोव्हिएट फौजा डॅन्यूब ओलांडून आल्या आणि ९ तारखेला सोफियांतील सरकार उलथलें. पुढच्या पांच महिन्यांत काय घडलें तें सांगावयास एकच रात्र पुरे : १ फेब्रुवारी १९४५. त्या रात्रीं अल्पवयी राजाचे तिघे पालक, माजी मंत्री आणि कायदेमंडळाचे सभासद मिळून सुमारें शंभर माणसांस 'जनता न्यायालया'च्या निकालानें गोळ्या घालण्यांत आल्या. १९४६ सालीं राजेशाहीच संपली. १९४९ सालीं डॅन्यूबमधील बेलेने ह्या बेटावर सक्तमजुरीची छावणी उघडली. जुन्या अमलांत ज्यांचें बरें चाललें होतें अशीं घराणींच्या घराणीं ह्या काळांत संशयितांच्या यादींत गेलीं. कोकानोव कुटुंब त्यांतलेंच एक. नेवेनाच्या वडिलांना राजबंदी म्हणून दिवस काढावे लागले.

अशा घरांतील मुलांची स्थिति कशी असे, हें समजून घेतल्यावांचून पुढील गोष्टीचें मर्म कळणार नाहीं. त्यांना कोणी रोज उठून मारीत नसे. पण विद्यापीठांत जावयाचें, चांगली नोकरी धरावयाची, राजधानींत बिऱ्हाड करावयाचें, कीं आधीं राजकीय विश्वासार्हतेचा दाखला हवा. आणि तो देणाऱ्या समितीपुढें मुलाचे गुण येत नसत, बापाचें नांव येत असे. नाट्यशिक्षणाची सरकारी अकादमी सोफियांत होती. नेवेनाची वाट तिच्यावरून गेली नाहीं. वयाच्या अठराव्या वर्षीं ती राजधानीपासून दूर, तुंजा नदीकांठच्या यांबोल गांवच्या नाटकगृहांत उमेदवार नटी म्हणून दाखल झाली. उमेदवार म्हणजे पडेल तें काम करणारी : आज दोन वाक्यांची मोलकरीण, उद्यां गर्दींतली एक बाई, परवां आजारी नटीच्या जागीं ऐन वेळीं उभें राहावयाचें. अकादमींत जें वर्गांत शिकवितात तें येथें कानावर पडून अंगवळणीं पडतें. निदान ज्याच्या अंगीं मुळांत कांहीं आहे त्याच्या तरी पडतें.

दैवानें म्हणा, राजकारणानें म्हणा, काळहि थोडा पालटत होता. १९५६ च्या एप्रिलांत बल्गेरियन कम्युनिस्ट पक्षाच्या बैठकींत स्टालिनच्या वळणाचे पुढारी मागें सरले आणि तोदोर झिव्कोव पुढें आले. ते पुढें तेहतीस वर्षें गेले नाहींत हा भाग निराळा. पण त्या वर्षीं दारें किंचित् किलकिलीं झालीं. १९५७ सालीं यांको यांकोव ह्या दिग्दर्शकाच्या 'प्रेमाचीं वर्षें' ह्या चित्रपटांत नेवेना प्रथम दिसली. ते चार-पांच आरंभीचे चित्रपट आपण मागें टाकूं. तरुण, गोड चेहऱ्याची मुलगी, ह्यापलीकडे दिग्दर्शकांना तिच्यांत अद्याप कांहीं दिसलें नव्हतें. ह्याच सुमारास ल्युबोमिर शार्लान्जिएव ह्या तरुण दिग्दर्शकाशीं तिची गांठ पडली, तो तिचा पति झाला. सोफियांतील उपहासनाट्याच्या सरकारी रंगभूमीवरहि ती पुढें काम करूं लागली. विनोदाची तालीम गंभीर नटीला फार उपयोगीं पडते, असें माझें मत आहे. शब्द केव्हां टाकूं नये हें तेथें कळतें.

आतां तंबाखूकडे वळूं. दिमितर दिमोव हा पेशानें पशुवैद्यकाचा प्राध्यापक, जनावरांच्या शरीररचनेचा जाणकार. पण त्याचें नांव राहिलें तें कादंबरीकार म्हणून. १९५१ सालीं त्याची 'तंबाखू' ही प्रचंड कादंबरी बाहेर आली. 'निकोटियाना' नांवाच्या तंबाखूच्या पेढींत एका गरीब लॅटिन शिक्षकाचा महत्त्वाकांक्षी मुलगा बोरिस शिरतो आणि मालकाच्या मुलीशीं लग्न करून पेढीचा धनी होतो. त्यासाठीं ज्या मुलीला तो टाकतो ती इरिना, एका साध्या पोलीस शिपायाची कन्या. इरिना वैद्यक शिकते, डॉक्टर होते, आणि पुढें त्याच बोरिसच्या श्रीमंतींत परत येते. आधीं रक्षा म्हणून, नंतर पत्नी म्हणून. सुख येतें, त्याबरोबर मन बधिर होत जातें. महायुद्धाच्या अखेरीस ती सगळी दुनिया कोसळते. बोरिस ग्रीसमध्यें सालोनिका येथें मरतो आणि इरिना स्वतःच्या हातानें आयुष्य संपविते.

ह्या पुस्तकावर लेखकसंघांत १९५२ सालीं खटला चालावा तशी चर्चा झाली. लेखकाला पतनशील वर्गाच्या माणसांचें नको तितकें आकर्षण आहे, कामगारांचीं चित्रें मात्र फिकट आहेत, हा मुख्य आरोप. थोड्याच दिवसांत पक्षाच्या मुखपत्रानेंच लेखकाची बाजू उचलली, आणि टीकाकारांचे आवाज रातोरात बदलले. तरी दिमोव सुटला नाहीं. कादंबरी सुधारून लिहिणें त्याला भाग पडलें, आणि १९५४ च्या दुसऱ्या आवृत्तींत लीला नांवाची एक करारी कामगार मुलगी नवीन निर्माण झाली. इरिनाच्या पारड्यासमोर ठेवावयाचें वजन म्हणा ना.

१९६२ सालीं निकोला कोराबोव ह्यानें ह्या कादंबरीवर दोन भागांचा भव्य चित्रपट केला आणि इरिनाची भूमिका नेवेनाकडे आली. येथें मला इतिहासाची गंमत वाटते. दुप्नित्सा ह्या तंबाखूच्या गांवांतील, संशयित घराण्यांतील मुलगी, आणि तिच्या वांट्यास आली ती नेमकी अशी भूमिका कीं जिच्याविषयीं लेखकाला फार सहानुभूति वाटते म्हणून त्याला जाब द्यावा लागला होता. समित्यांनीं लेखणी आवरली होती. चेहरा कसा आवरणार? इरिना वाईट होत जाते हें नेवेना लपवीत नाहीं. पण प्रत्येक पायरीवर त्या बाईला आपण काय गमावीत आहों हें ठाऊक आहे, असें तिच्या डोळ्यांत दिसत राहतें, आणि मग प्रेक्षकाला तिचा निवाडा करणें जड जातें. पोशाख भारी होत जातात, हालचाल सावकाश होत जाते, आणि आवाज, जो आरंभीं मोकळा आहे, तो जपून खर्च केल्यासारखा होतो. चित्रपट संपल्यावर लोकांच्या मनांत राहिली ती इरिना. १९६३ सालीं 'तंबाखू' फ्रान्समधील कान येथल्या महोत्सवांत स्पर्धेस गेला, आणि राज्यानें आपली म्हणून जगापुढें मांडलेली स्त्री ही अशी होती. त्याच वर्षीं रांगेल व्हल्चानोवच्या 'इन्स्पेक्टर आणि रात्र' ह्या चित्रपटांत, जॉर्जी कालोयान्चेव ह्या लोकप्रिय विनोदी नटाबरोबर, तिनें आधुनिक शहरांतली एक थकलेली तरुणी उभी केली. ती भूमिका लहान दिसते, पण पाहण्यासारखी आहे.

'तंबाखू'चें छायालेखन करणारा माणूस होता वुलो रादेव. कॅमेऱ्यामागें उभा राहून त्यानें तो चेहरा महिनोन्महिने पाहिला होता. स्वतः दिग्दर्शक व्हावयाची संधि मिळतांच त्यानें तो आपल्या पहिल्याच चित्रपटासाठीं मागितला. तो चित्रपट 'पीच-चोर', साल १९६४. एमिलियान स्तानेव ह्या लेखकाची त्याच नांवाची दीर्घकथा १९४८ सालीं प्रसिद्ध झाली होती.

पीच म्हणजे ज्याला आपल्याकडे कोणी सप्ताळू म्हणतात तें फळ. स्थळ तर्नोवो, बल्गेरियाची प्राचीन राजधानी, यांत्रा नदीच्या वळणांवर डोंगराच्या कडेला लटकल्यासारखें गांव. काळ १९१८ चा उन्हाळा. बल्गेरिया १९१५ पासून जर्मनीच्या बाजूनें लढत आहे. घरांत अन्न नाहीं, आघाडीवर शिपाई अनवाणी आहेत, आणि गांवाजवळ शत्रुपक्षाच्या कैद्यांची छावणी आहे. गांवच्या लष्करी अंमलदाराची, एका कर्नलची पत्नी लीझा, गांवाबाहेरच्या द्राक्षमळ्यांतील एकाकी घरांत राहते. कर्नल वयानें मोठा, कर्तव्याला वाहिलेला, घरांतहि गणवेषांतच असल्यासारखा. एके दिवशीं भुकेनें व्याकूळ झालेला एक सर्बियन कैदी कुंपण ओलांडून मळ्यांतले पीच चोरावयास येतो, आणि लीझा त्याला पाहते. त्याचें नांव इव्हो, पेशानें शिक्षक.

पुढें काय होणार हें कोणीहि ओळखील. चोरून भेटी होतात, प्रेम जडतें. कर्नल मळ्याच्या राखणीस आपला शिपाई बसवितो, चोर दिसला तर गोळी घालण्याचा हुकूम देतो, आणि एक दिवस तो हुकूम पाळला जातो. शिपायानें चूक कांहींच केलेली नसते. मालकिणीच्या मनांत काय आहे तें त्याला ठाऊक नाहीं, आणि पीच चोरणारा तो चोर. कर्नलदेखील खलपुरुष नव्हे. तो आपल्या परीनें पत्नीवर माया करतो. युद्ध हरत चाललें आहे हें त्याला समजतें, पण हुकूम द्यावयाचा आणि हुकूम पाळावयाचा एवढेंच त्याला आयुष्यानें शिकविलें आहे. आणि हें सर्व घडत असतां, तिकडे मासेडोनियाच्या आघाडीवर, सप्टेंबर १९१८ मध्यें दोब्रो पोल्ये येथें बल्गेरियन फळी फुटली आहे. २९ तारखेला तहकुबीचा करार होणार आहे. अवघे थोडे दिवस. तेवढे निभावले असते तर कैदी मोकळा झाला असता.

हें कथानक राजकारणाच्या दृष्टीनें किती नाजूक होतें तें आपल्याला सहज लक्षांत येणार नाहीं. सर्ब आणि बल्गेरियन हे शेजारी, भाषेनें जवळचे, धर्मानें एक. आणि १८८५, १९१३, १९१५ अशा तीन वेळां एकमेकांवर चालून गेलेले. दुसऱ्या महायुद्धांत पुन्हां बल्गेरियन फौजा सर्बियाच्या मुलखांत होत्याच. १९४८ सालीं युगोस्लाव्हियाचें मॉस्कोशीं बिनसलें तेव्हां बल्गेरिया अर्थातच मॉस्कोच्या बाजूस राहिला, आणि वैर नव्या पोशाखांत पुढें चाललें. अशा पार्श्वभूमीवर रादेवनें इव्होच्या भूमिकेसाठीं रादे मार्कोविच ह्या युगोस्लाव्ह नटालाच बोलाविलें. म्हणजे पडद्यावर बल्गेरियन कर्नलची पत्नी सर्ब कैद्यावर प्रेम करते, आणि प्रेक्षकांतील प्रत्येकाला तें प्रेम खरें, आणि युद्ध खोटें वाटतें. अधिकृत इतिहासांत त्या युद्धाचें वर्णन साम्राज्यवाद्यांचें युद्ध असें होतें, त्यामुळें त्याची निंदा करण्यास हरकत नव्हती. परंतु निंदा करावयाची ती वर्गयुद्धाच्या नांवानें. एका राजनिष्ठ सरदाराच्या बायकोच्या अंतःकरणाच्या नांवानें नव्हे. रादेवनें व नेवेनानें ती दुसऱ्या नांवानें केली.

लीझाची भूमिका ही नेवेनाच्या कारकीर्दीचें शिखर होय, ह्याबद्दल फारसें दुमत नाहीं. तिला बोलावयास फार थोडें आहे. कृष्णधवल चित्रांत उन्हाची तिरीप, पानांच्या सांवल्या, आणि त्यांत ऐकणारा चेहरा. होय, ऐकणारा, कारण ही नटी बोलतांना जितकी चांगली, त्याहून दुसरा बोलत असतां अधिक चांगली. पहिल्या भेटींत भय आहे, पण पळून जावें असें भय नाहीं. दुसऱ्या भेटींत कुतूहल आहे आणि त्या कुतूहलाची लाज आहे. पुढें एक वेळ अशी येते कीं, नवऱ्यासमोर बसली असतां ती केवळ शांत आहे, आणि तेवढ्यावरून आपल्याला कळतें कीं ही बाई आतां त्या घरांत उरलेली नाहीं. सिनेमांत अश्रूंना फार मान आहे, आपल्याकडे तर विशेषच. नेवेना मात्र ते फार काटकसरीनें वापरते.

जातां जातां एक सूचना. बल्गेरियन माणूस होकार देतांना मान आडवी हलवितो आणि नकार देतांना डोकें वर उचलतो. त्यामुळें परदेशीं प्रेक्षक ह्या चित्रपटांत कधीं कधीं उलटाच अर्थ घेतो. नायिकेनें 'होय' म्हटलें असतां तो 'नाहीं' समजून हळहळतो. आपल्याकडील प्रेक्षकांची त्या मानानें कमी फसगत होईल.

'पीच-चोर'चा छायालेखक तोदोर स्तोयानोव. त्याच्याहि मनांत हा चेहरा घर करून राहिला असावा, कारण तीन वर्षांनीं ग्रिशा ओस्त्रोव्स्की ह्या नाट्यदिग्दर्शकाच्या जोडीनें जेव्हां त्यानें स्वतः चित्रपट केला, तेव्हां नायिका नेवेनाच होती. ह्या चित्रपटाचें नांव 'आडवळण', साल १९६७. पटकथा ब्लागा दिमित्रोवा ह्या कवयित्रीची. ही कवयित्री पुढें १९९२ सालीं देशाची उपराष्ट्राध्यक्षा झाली, तेव्हां तिच्या शब्दांचें मोल वेगळें सांगावयास नको.

येथें नायिका राणी नाहीं, सरदारीण नाहीं. नेदा नांवाची पुरातत्त्वसंशोधक आहे. रस्त्यांत योगायोगानें तिची बोयान ह्या इंजिनियराशीं गांठ पडते. सतरा वर्षांपूर्वीं, क्रांतीनंतरच्या पहिल्या आवेशाच्या काळांत, दोघें विद्यार्थी असतां त्यांचें एकमेकांवर प्रेम होतें. तेव्हां त्यांना असें शिकविलें होतें, आणि त्यांनीं मनापासून मानलें होतें, कीं नवें जग बांधणाऱ्या माणसानें स्वतःच्या सुखाची काळजी करणें हें जुन्या जगाचें लक्षण आहे. प्रेमांत एकमेकांवर हक्क नको, बंधन नको, घर नको. म्हणून तें प्रेम त्यांनीं स्वतःच मोडलें. आतां एकाच मोटारींतून कांहीं तासांचा प्रवास. इव्हान आंदोनोव हा नट तिच्या शेजारीं. भूतकाळ मधून मधून वर येतो. प्रवास संपतो, आणि दोघें आपापल्या संसाराकडे जातात.

ह्यांत कोणावरहि टीका नाहीं, पक्षाचें नांव नाहीं, आणि तरी एका पिढीचें केवढें तरी नुकसान सांगितलें आहे. तें सांगण्याचा अधिकार ह्या नटीला दुहेरी होता, असें मला वाटतें. ज्यांनीं तो आवेश अनुभवला त्यांची ती नायिका. आणि ज्यांना त्या आवेशाचा तडाखा बसला त्यांची ती मुलगी. नेदा कडवट नाहीं. ती हंसते, थट्टा करते, आणि मग एका क्षणीं खिडकीबाहेर पाहते. त्याच वर्षीं मॉस्को येथील महोत्सवांत ह्या चित्रपटाचा पारितोषिक देऊन गौरव झाला. खुद्द मॉस्कोनें मान डोलावल्यावर सोफियांत कोण काय बोलणार!

परंतु दार किलकिलें झालें होतें, उघडें नव्हे. ह्याचा अनुभव तिच्याच घरीं आला. जॉर्जी जागारोव ह्या कवीचें 'सरकारी वकील' हें नाटक रंगभूमीवर गाजलें होतें. एका निरपराध माणसाच्या अटकेच्या हुकुमावर सही करावी कीं न करावी, हा त्यांतला प्रश्न. नाटककार पक्षाच्या मर्जींतला. शार्लान्जिएवनें १९६८ सालीं त्याचा चित्रपट केला. पण त्याच वर्षीं ऑगस्टांत प्रागमध्यें रणगाडे शिरले, त्यांत बल्गेरियाच्याहि तुकड्या होत्या. आणि असा प्रश्न पडद्यावर विचारणें अशक्य झालें. नाटक चाललें तें चाललें, चित्रपट मात्र डब्यांत बंद झाला. तो लोकांनीं पाहिला १९८८ सालीं. शार्लान्जिएव १९७९ मध्येंच, अठ्ठेचाळिसाव्या वर्षाच्या आसपास, मरण पावला होता.

नेवेनानें ह्या वीस वर्षांत काय केलें? तिनें काम केलें. पतीच्या चित्रपटांतून ती दिसत राहिली, इतरांच्याहि. मिळून पन्नासांहून अधिक चित्रपट तिच्या नांवावर आहेत. त्यांतील कित्येक आज कोणी उघडून पाहणार नाहीं, आणि न पाहिल्यानें कांहीं बिघडणार नाहीं. निव्वळ सरकारी वार्षिक हिशेब भरून काढण्यासाठीं काढलेल्या चित्रपटांतहि ती होती. तिनें नकार द्यावयास हवा होता असें म्हणणारे लोक आहेत. मला त्यांचें म्हणणें समजतें, पण पटत नाहीं. ज्या नटीला एकच दार, तिनें नकार देणें म्हणजे घरीं बसणें. आणि घरीं बसलेल्या इरिनेचा, लीझाचा, नेदाचा कोणाला काय उपयोग झाला असता? तिनें जाहीर बंड केलें नाहीं, वडिलांच्या बंदिवासाचें भांडवलहि केलें नाहीं. भूमिकांतून मात्र तिनें ज्यांची बाजू घेतली तीं माणसें बहुतेक हरलेल्या पक्षांतलीं होतीं.

ह्या नंतरच्या चित्रपटांपैकीं एक निवडावयाचा तर मी १९७२ मधील ल्युद्मिल किर्कोव ह्याचा 'मुलगा दूर जातो' निवडीन. एका लहान गांवांतला शाळा संपलेला पोरगा, त्याची गाणीं, त्याचे मित्र, त्याची आपल्या शिक्षिकेविषयींची मूक भक्ति. शिक्षिका नेवेना. चौतिसाव्या वर्षाकडे झुकलेल्या ह्या नटीनें येथें नायिकेचा मान आनंदानें मागें ठेवला आहे. मुलाच्या डोळ्यांत ती देवता आहे, आणि कॅमेऱ्याच्या डोळ्यांत एक साधी, थोडी उदास, लहान गांवांत अडकलेली स्त्री. हीं दोन्ही रूपें एकाच वेळीं दाखविणें कठीण असतें.

पतीच्या मृत्यूनंतर, १९८० सालीं आलेल्या 'तीन घोर पापें' ह्या चित्रपटावर दिग्दर्शिका म्हणून तिचें नांव आलें. पुन्हां ती त्या वाटेस गेली नाहीं.

१९८९ च्या नोव्हेंबरांत झिव्कोव पायउतार झाले. त्याबरोबर चित्रपटाचा एकमेव धनीहि गेला. जे स्टुडिओ वर्षाला कित्येक कथापट काढीत ते ओस पडले, चित्रगृहें बंद पडूं लागलीं, आणि आयुष्यभर एकाच मालकाची चाकरी केलेल्या कलावंतांना मालकच उरला नाहीं. नियंत्रण गेलें आणि पगारहि गेला, असा तो विचित्र काळ. तरुण होते ते परदेशीं गेले, जाहिरातींत गेले. नेवेना पन्नाशी ओलांडलेली होती. पडद्यावर तिच्यासाठीं फारसें कांहीं उरलें नव्हतें. आजारानें गांठल्यावर ३ जून २००० रोजीं सोफियांत तिचा अंत झाला. तेव्हां तिचें वय ६१ वर्षांचें होतें.

तुंजाकांठच्या यांबोल गांवीं, जेथें अकादमीच्या दाखल्यावांचून आलेली एक अठरा वर्षांची मुलगी उमेदवार म्हणून उभी राहिली होती, तें नाटकगृह आज नेवेना कोकानोवा नाट्यगृह ह्या नांवानें ओळखलें जातें.